बोंड्याचा कोपरा

क्रेट मी न्हाणीच्या दाराशी ठेवला.
तिथे नळ, तिथे मोरी, तिथे माझी सोय.
बोंड्याने कान मागे टाकून वास घेतला,
एकदा आत बसला, मिशा पुसल्या,
आणि उतरून थेट गेला कूलरमागच्या कोपऱ्यात,
यांची ड्यूटीवरची पेटी असते तिथे.
शेपटीचं बोंड जरा उचललं
आणि माझ्याकडे बघत बघत
जे करायचं ते केलं.

वरच्या मजल्यावरच्या गार्डची इटारसीला बदली झाली.
यादीत सशाचं नाव नव्हतं.

क्रेट केळीच्या वखारीतला,
एक बाजू तापल्या सुरीने कापून बुटकी केलेली.
खाली रद्दीच्या पट्ट्या, एका टोकाला मारवेलचं वाळलं गवत,
कारण तो खाता खाताच करतो.
भुसा नको, फिरकेवहिनी म्हणाल्या, नाकात जातो.
(त्यांनी तीन पाळले. एक बोक्याने नेला.)
गोळ्या वेचायच्या,
मिऱ्याहून मोठ्या, हरभऱ्याहून लहान,
आणि क्रेटमध्येच नेऊन टाकायच्या,
म्हणजे त्याला कळतं, हे आपलं.
फरशी व्हिनेगरने पुसायची,
म्हणजे कळतं, हे नाही.
मी आठ दिवस पुसली.
घराला लोणच्याचा वास.

पारोळ्याहून सासूबाईंचा फोन:
“ससाले हागाले शिकाडी ऱ्हायनी का तू?
तुना नवरा दोन वरीसना व्हता तवय
आंगणभर…”
पुढचं मी स्पीकर बंद करून ऐकलं.
हे समोर जेवत होते.

मे महिना. भुसावळात पंचेचाळीस.
बर्फाची बाटली फडक्यात गुंडाळून त्याच्या कुशीला.
त्याला गारवा हवा असेल, असं धरून
मी कूलरच हलवला.
तो पेटीपाशीच राहिला.
पेटीवर पांढऱ्या रंगात यांचं नाव, खाली बीएसएल.
आत झेंड्या, टॉर्च, हातमोजे,
इगतपुरीच्या रनिंग रूमचा साबण,
खंडव्याची, बडनेऱ्याची धूळ.
बोंड्या तिला हनुवटी घासायचा.
ससे अशीच सही करतात म्हणे.

मधेच एक दिवस कागद लाल.
रिक्षा केली, जामनेर रोड गाठला.
डॉक्टर म्हणाले, काल काय घातलं?
मला आठवेना. मग आठवलं.
बीट.

नवव्या दिवशी मी हरले.
पेटी उचलली, जागेवर क्रेट ठेवला.
तो आत चढला, गवत ओढलं,
आणि पट्ट्यांवर बारीक टपटप ऐकू आली.
झालं.
एवढंच होतं ते.
मी नऊ दिवस त्याला शिकवत होते
की माझी सोय कुठे आहे.

पेटी मात्र हातातच राहिली.
अकरा वर्षांत चार क्वार्टरं,
प्रत्येकात मी आधी गॅस लावला, मग देव मांडले,
आणि पेटी आपली आपण जाऊन बसली
दाराकडच्या कुठल्यातरी कोपऱ्यात,
दीड वाजता कॉल आला तरी अंधारात हाताला लागेल अशी.
कुणी ठरवलं नव्हतं.
पलंगाखाली सरकवली, मावेना.
ओट्याखाली सिलिंडर.
शेवटी ठेवली शिलाई मशिनपाशी,
आणि सकाळी हे ती घेऊन गेले,
कुठून उचलली ते न बघता.

रात्री तीनला लॅच वाजलं.
दिवा न लावता हे सवयीने कूलरकडे वळले.
बूट क्रेटला लागला.
बोंड्याने मागचा पाय आपटला, धप्प,
अख्ख्या क्वार्टरला ऐकू जाईल असा.
हे पेटी घेऊन तसेच उभे.
“मग मी कुठे ठेवू?”
मी उशीवरून म्हटलं, ठेवा कुठेही,
दोन-चार दिवस बघू.

टॉर्च लागला. आधी क्रेटमध्ये,
मग कोपऱ्याच्या फरशीवर, कडेकडेने,
रुळाखालची खडी बघावी तसा.
“सगळं आतच आहे,” हे म्हणाले,
आणि पेटी खोलीच्या मधोमध टेकवून
तिच्यावरच बसले
बूट काढायला.